औषधाची पारख कोणी करावयाची?

महाराष्ट्रातील बहुतेक जिल्ह्यांतून अधूनमधून ‘बोगस डॉक्टर शोधमोहीम’ निघत असते. महसूल, पोलीस आणि आरोग्य या खात्यांचे पथक एखाद्या खेड्यात जाऊन धडकते. पत्र्याच्या खोलीत रोग्यांना सलाईन लावून बसलेल्या एखाद्या इसमाला ताब्यात घेते. सुया, बाटल्या, गोळ्यांची पाकिटे यांचा पंचनामा होतो आणि दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात छायाचित्रासह बातमी झळकते. काही दिवसांनी मोहीम थंडावते आणि तो इसम शेजारच्या तालुक्यात नवी पाटी लावतो. या मोहिमांना विरोध करण्याचे काही कारण नाही. अडाणी हाताने टोचलेल्या सुईने गळू होते, कावीळ पसरते, प्रसंगी प्राणही जातो. परंतु या मोहिमांमुळे समाजाच्या मनात एक समज घट्ट रुजला आहे आणि तो तपासून पाहणे आता भाग आहे. औषधोपचारातील धोका परवान्याच्या बाहेर असतो, परवान्याच्या आत पाऊल टाकले की माणूस सुरक्षित होतो, असा तो समज आहे.

२०२५ च्या ऑगस्टअखेरीपासून ऑक्टोबरपर्यंत मध्य प्रदेशातील छिंदवाडा जिल्ह्यात जे घडले, त्याने हा समज पार मोडीत काढला आहे. छिंदवाडा आपल्या नागपूर जिल्ह्याला लागून आहे; त्यातील परासिया हा पेंच खोऱ्यातील कोळसाखाणींचा भाग. तेथील लहान मुलांना साधा ताप-खोकला झाला. आईबापांनी त्यांना डॉक्टरांकडे नेले, चिठ्ठीप्रमाणे दुकानातून पातळ औषध आणले आणि चमच्याने मोजून पाजले. काही दिवसांनी मुलांची लघवी बंद झाली. मूत्रपिंडे निकामी झालेली ही मुले नागपूरच्या रुग्णालयांत आणली गेली आणि त्यांतील अनेकांनी तेथेच प्राण सोडले. वीसहून अधिक मुले गेली, त्यांतील बहुतेक पाच वर्षांच्या आतील. तामीळनाडूच्या सरकारी प्रयोगशाळेने त्या औषधाचा नमुना तपासला तेव्हा त्यात ४८.६ टक्के डायइथिलीन ग्लायकॉल निघाले. या द्रव्याची सहन करता येण्याजोगी मर्यादा आहे ०.१ टक्का. म्हणजे बाटलीतील जवळजवळ अर्धा भाग कारखान्यात वापरावयाच्या विषारी द्रावकाचा होता.

या साखळीत बोगस म्हणावा असा कोण होता? औषध लिहून देणारा डॉक्टर पदवीधर होता. दुकान परवानाधारक होते. कांचीपुरम जिल्ह्यातील ज्या कारखान्यात ते औषध तयार झाले त्याला २०११ पासून परवाना होता. मुले दगावल्यानंतर झालेल्या तपासणीत मात्र त्याच कारखान्यात साडेतीनशेहून अधिक उणिवा आढळल्या. चौदा वर्षे त्या कोणाच्या नजरेस पडल्या नाहीत असे मानावयाचे काय? आणखी एक गोष्ट. या जातीचे सर्दीचे मिश्रण चार वर्षांखालील मुलांना देऊ नये असा इशारा बाटलीवर छापावा, असे केंद्रीय औषध नियंत्रकांनी डिसेंबर २०२३ मध्येच सांगितले होते. कागदावर सर्व काही होते.

हे विष औषधात येते कसे, हे समजून घेतल्याखेरीज पुढे जाता येणार नाही. लहान मुलांना गोळी गिळता येत नाही म्हणून त्यांचे औषध पातळ करावे लागते. पुष्कळशी औषधे पाण्यात नीट विरघळत नाहीत; त्यांना ग्लिसरीन किंवा प्रॉपिलीन ग्लायकॉल यांसारखे द्रावक लागते. ही द्रव्ये औषधी दर्जाची घेतली तर महाग पडतात. डायइथिलीन ग्लायकॉल दिसावयास तसेच रंगहीन, तसेच दाट, चवीला तसेच गोडसर. रंग, शाई, ब्रेकचे तेल यांच्या उद्योगांत ते पिंपांनी वापरले जाते आणि स्वस्त असते. कधी कोणी जाणूनबुजून एकाच्या जागी दुसरे घालतो, कधी औद्योगिक दर्जाचे पिंप औषधी दर्जाच्या लेबलाखाली दोन-तीन व्यापाऱ्यांच्या हातून फिरत येते. डोळ्यांनी, नाकाने, जिभेने फरक कळत नाही. प्रयोगशाळेतील चाचणी मात्र तो हमखास सांगते आणि ती चाचणी काही दुर्मीळ विद्या नव्हे. कारखानदाराने प्रत्येक खेपेचा कच्चा माल तपासूनच वापरला पाहिजे असा नियमही आहे. चाचणीचा खर्च वाचविला तर नफा वाढतो. त्याची किंमत मूल भरते.

मी आयुष्यभर अर्थशास्त्र शिकविले. जॉर्ज अकरलॉफ या अमेरिकी अर्थशास्त्रज्ञाने १९७० साली एक निबंध लिहिला, त्यात जुन्या मोटारींच्या बाजाराचे उदाहरण आहे. विकणाऱ्याला मोटारीचे दोष ठाऊक असतात, घेणाऱ्याला नसतात. घेणारा सगळ्याच मोटारींना सरासरी किंमत देऊ करतो. त्या किमतीत चांगली मोटार विकणे परवडत नाही म्हणून ती बाजारातून निघून जाते आणि खटारे उरतात. हा निबंध मी वर्षानुवर्षे शिकविला, तो मोटारींचेच उदाहरण घेऊन, आणि तोही ज्यांच्या घरी एखादी सायकल असावयाची अशा विद्यार्थ्यांना. खोकल्याच्या औषधाचे उदाहरण मला कधी सुचले नाही याची आज लाज वाटते.

कारण औषधाचा बाजार त्याहूनही बिकट आहे. जुनी मोटार निदान रस्त्यात बंद पडते आणि आपण फसलो हे घेणाऱ्याला समजते. औषधाचे तसे नाही. बहुतेक ताप आपोआप उतरतात. उतरला तर श्रेय औषधाला. न उतरला तर दोष रोगाला किंवा नशिबाला. आठवडे बाजारात जमिनीवर चादर अंथरून मुळ्या, साळिंदराचे काटे आणि तेलाच्या बाटल्या मांडून बसणारा वैदू मी लहानपणी पाहिला आहे. त्याचा धंदा ज्या अज्ञानावर चालत असे त्याच अज्ञानावर कमअस्सल औषधाच्या कारखान्याचाही धंदा चालतो. फरक असलाच तर एवढा, की वैदू पुढच्या बाजारी त्याच जागी भेटत असे आणि गिऱ्हाईकाला त्याची मानगूट धरता येत असे.

तेव्हा औषधाची पारख ग्राहक करू शकत नाही, बहुतांशी डॉक्टरही करू शकत नाही. ती समाजाने, म्हणजे व्यवहारात राज्यसंस्थेने, प्रयोगशाळा उभारून करावयाची असते. सार्वजनिक आरोग्याच्या इतिहासात हे सत्य फार उशिरा आणि फार मोठी किंमत देऊन मान्य झाले.

याच डायइथिलीन ग्लायकॉलने ते अमेरिकेला शिकविले. तेथे १९०६ चा औषधविषयक कायदा होता. तो मुख्यतः खोट्या लेबलांना मनाई करी. औषध निर्धोक आहे हे विक्रीपूर्वी सिद्ध करण्याचे बंधन त्यात नव्हते. त्याआधी सर्वरोगहारी पेटंट औषधांचा तेथे सुळसुळाट होता आणि जाहिरातींच्या पैशावर पोसलेली बहुतेक वर्तमानपत्रे त्याबद्दल गप्प होती. औषधांना जाच होईल असा कायदा राज्यात झाला तर जाहिरातीचा करार रद्द समजावा, असे कलमच करारात घातलेले असे. १९३३ पासून नव्या, कडक कायद्याचे विधेयक संसदेपुढे पडून होते आणि औषधवाल्यांचा त्याला विरोध होता. अशात १९३७ साली टेनेसी राज्यातील एका कंपनीने सल्फानिलामाइड हे त्या काळचे खरोखर गुणकारी औषध पातळ स्वरूपात बाजारात आणले. विरघळविण्यासाठी डायइथिलीन ग्लायकॉल वापरले. चव, वास आणि रंग पाहिला; विषारीपणा पाहिला नाही. १०५ माणसे मेली, त्यांत ३४ मुले होती.

पुढची हकीकत मला नेहमी विचारात पाडते. सरकारच्या औषध खात्याकडे तेव्हा निरीक्षक आणि रसायनज्ञ मिळून २३९ माणसे होती. ती जवळजवळ सगळी देशभर पांगली. दुकानांची विक्रीपुस्तके, डॉक्टरांच्या नोंदी धुंडाळीत त्यांनी एकेक बाटलीचा माग काढला. डोंगरी भागात राहावयास गेलेल्या कुटुंबातील एका तीन वर्षांच्या मुलाला शोधण्यासाठी एका डॉक्टरने म्हणे स्वतःचे लग्न पुढे ढकलले. २४० गॅलनांपैकी बहुतेक सर्व औषध परत मिळाले. एरव्ही बळींची संख्या कितीतरी पटींनी वाढली असती. आणि एवढे होऊन कंपनीवर खटला कशाचा भरता आला? ‘एलिक्सिर’ या शब्दाने मद्यार्कयुक्त औषध सूचित होते आणि या औषधात मद्यार्क नव्हता, एवढ्या चुकीच्या नामकरणाचा! लेबलावर ‘द्रावण’ असा शब्द असता तर तोही गुन्हा ठरला नसता. पुढच्याच वर्षी, १९३८ च्या जूनमध्ये, औषध निर्धोक असल्याचा पुरावा विक्रीपूर्वी मागणारा कायदा झाला.

आपल्याकडे काय चालले होते? त्या काळी भारत ही जगातील कमअस्सल औषधांची पेठ होती. हिवतापाने माणसे मरत होती आणि क्विनाइनच्या नावाखाली नाना भेसळी विकल्या जात होत्या. १९२७ साली काउन्सिल ऑफ स्टेटमध्ये सर हारून जाफर यांनी हा प्रश्न ठरावाच्या रूपाने मांडला. १९३० साली कर्नल रामनाथ चोप्रा यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी समिती नेमली गेली. १९३१ मध्ये तिने कायदा हवा, प्रयोगशाळा हव्यात असा अहवाल दिला. कलकत्त्यास प्रमाणीकरणाची प्रयोगशाळा निघावयास १९३७ उजाडले. कायदा १९४० मध्ये झाला. त्याखालील नियम १९४५ मध्ये आले आणि अंमल सुरू होण्यास १९४७ साल लागले. ठरावापासून अंमलापर्यंत वीस वर्षे! परकी सरकारला प्रजेच्या औषधाची घाई नव्हती हे खरेच. मात्र त्या सरकारने मागे ठेवलेली एक गाठ आपण अद्याप सोडविलेली नाही. आरोग्य हा प्रांतांचा विषय असल्याने आयात केंद्राकडे आणि कारखान्यांचा परवाना प्रांतांकडे, अशी वाटणी तेव्हा झाली. आजही कांचीपुरमचा कारखाना तामीळनाडू पाहणार, त्याचे औषध मध्य प्रदेशात विकले जाणार, मुले महाराष्ट्रात मरणार आणि दिल्ली परिपत्रक काढणार! छिंदवाडा प्रकरणात पहिल्या काही नमुन्यांत विषारी द्रव्य नसल्याचे केंद्र सरकारने जाहीरही करून टाकले होते. त्याच सुमारास तामीळनाडूने कारखान्यातून उचललेल्या नमुन्यांत ते सापडले. हद्दींच्या भांडणात जे दिवस गेले त्या दिवसांतही बाटल्या विकल्या जातच होत्या.

स्वराज्यात भोंदू औषधांविरुद्ध कायदा झाला तो १९५४ मध्ये, जादूटोण्याचे उपाय आणि आक्षेपार्ह जाहिराती यांना बंदी घालणारा. जुनी मराठी वर्तमानपत्रे चाळणाऱ्यास हा कायदा का करावा लागला हे सांगावे लागणार नाही; देशभक्तीच्या अग्रलेखाशेजारी धातुपौष्टिक गोळ्यांची जाहिरात तेथे सुखाने नांदत असे. कायदा चांगला होता. परंतु तो औषधवाला काय बोलतो एवढेच पाहतो, बाटलीत काय आहे ते पाहत नाही. आणि जे काही बढाया मारीत नाहीत, शांतपणे रसायनांची नावे छापतात, ते आपोआप सभ्य ठरतात.

या सभ्य विषाची मुंबईतील कथा आपल्या पिढीला विसरता येणार नाही. १९८६ च्या जानेवारी-फेब्रुवारीत जे. जे. रुग्णालयात, मेंदूची सूज किंवा डोळ्यातील दाब उतरविण्यासाठी तोंडाने दिल्या जाणाऱ्या ग्लिसरीनमुळे चौदा रुग्ण दगावले. ते ग्लिसरीन औद्योगिक होते आणि त्यात डायइथिलीन ग्लायकॉल होते. मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती बख्तावर लेंटिन यांच्या चौकशी आयोगापुढील साक्षींची वृत्ते तेव्हा रोज वर्तमानपत्रांतून येत. मी नुकताच प्राध्यापकी करू लागलो होतो आणि आमच्या खोलीत ती मोठ्याने वाचली जात. रुग्णालय, खरेदी यंत्रणा, औषध प्रशासन आणि थेट मंत्र्यांपर्यंतची राजकीय सत्ता यांच्या हलगर्जीचे आणि लाचलुचपतीचे जे चित्र आयोगाने रेखाटले त्याने महाराष्ट्र हादरला. त्या अहवालाचे महत्त्व असे की, त्याने एका खलपुरुषाकडे बोट दाखवून सुटका करून घेतली नाही. पुरवठादारापासून बाटली रुग्णाच्या उशाशी येईपर्यंत किती हातांनी तिच्याकडे पाहावयास हवे होते आणि प्रत्येकाने का पाहिले नाही, याचा तो पंचनामा होता.

मुंबई ही काही पहिली वेळ नव्हती. १९७२ साली मद्रासला याच द्रव्याने लहान मुले गेली होती. नंतर १९९८ मध्ये गुडगाव भागातील ३३ मुले गेली. २०१९-२० च्या हिवाळ्यात जम्मूकडील रामनगरची मुले गेली. २०२२ मध्ये हरियाणात तयार झालेल्या औषधांनी आफ्रिकेतील गांबियात किमान ६६ आणि नोइडात तयार झालेल्या औषधांनी उझबेकिस्तानात साठहून अधिक मुले गेली. उझबेकिस्तानच्या न्यायालयाने फेब्रुवारी २०२४ मध्ये २३ जणांना कारावासाच्या शिक्षा दिल्या. आपल्या सरकारची गांबियाबाबतची भूमिका, आमच्याकडील राखीव नमुन्यांत काही सापडले नाही, अशी होती. गांबियाकडे औषध तपासण्याची स्वतःची प्रयोगशाळाच नव्हती, हे येथे लक्षात ठेवण्याजोगे आहे.

आता थोडे आपल्याविषयी. समाजवादी चळवळीने औषधांच्या प्रश्नावर पुष्कळ काम केले आहे आणि त्याचा सार्थ अभिमान आपण बाळगतो. १९७० च्या पेटंट कायद्याने औषधाच्या उत्पादनावरील मक्तेदारी मोडली आणि परदेशी कंपन्यांच्या मगरमिठीतून देश सुटला. पिंपरीचा हिंदुस्थान अँटिबायोटिक्स हा १९५४ साली निघालेला सरकारी कारखाना आपण आपला मानला. १९७५ मध्ये जयसुखलाल हाथी समितीचा अहवाल आला तेव्हा परदेशी औषध कंपन्यांचे राष्ट्रीयीकरण करा, छापाच्या नावांऐवजी औषधांची मूळ नावे वापरा, या शिफारशी आपल्या कार्यकर्त्यांना तोंडपाठ होत्या. त्याच अहवालात दर्जानियंत्रणाचाही विचार होता, राष्ट्रीय औषध प्राधिकरणाची सूचना होती. त्यावर आपण किती सभा घेतल्या? किती मोर्चे काढले? मला एकही आठवत नाही. औषध कितीला मिळते, कारखाना कोणाचा आहे, हे आपण विचारले. बाटलीत काय आहे हे विचारले नाही. तो प्रश्न आपल्याला तांत्रिक वाटला, डॉक्टर आणि रसायनज्ञ यांनी बघावयाचा वाटला.

याचा एक दुष्परिणाम असा झाला की, दर्जाचा मुद्दा आपल्या विरोधकांच्या हाती गेला. स्वस्त म्हणजे हलके, महाग आणि विलायती म्हणजे खात्रीचे, असे बड्या कंपन्यांचे प्रचारक सांगू लागले आणि मध्यमवर्गाने ते मानले. हे खोटे आहे. स्वस्त औषध चांगले असू शकते; पण ते चांगले आहे हे तपासूनच सांगावे लागते आणि तपासणीला पैसा लागतो. सर्वांत कमी किमतीची निविदा स्वीकारावयाची आणि तपासणीवर खर्च करावयाचा नाही, ही जोडी घातकी आहे. ज्यांच्या औषध धोरणाचे आपण कौतुक करतो त्या बांगलादेशालाही हे चुकले नाही. १९८२ मध्ये जफरुल्ला चौधरी यांच्यासारख्यांच्या प्रयत्नाने तेथे अनावश्यक आणि अपायकारक औषधे मोठ्या प्रमाणात बाद झाली, देशी उत्पादन वाढले, किमती उतरल्या. आणि १९९० ते १९९२ या काळात त्याच देशात पॅरासिटामॉलच्या पातळ औषधातील डायइथिलीन ग्लायकॉलने मोठ्या संख्येने मुले दगावली. ते धोरण चूक होते असे यावरून कोणी म्हणू नये. प्रयोगशाळेचा पाया घातल्यावाचून त्याच्या भिंती उभ्या राहिल्या होत्या.

उलट उदाहरणही आपल्याच देशात आहे आणि ते, दैवदुर्विलास असा की, तामीळनाडूचेच. १९९५ पासून त्या राज्याचे औषध खरेदी महामंडळ सरकारी रुग्णालयांसाठी औषधे घेते, ती प्रत्येक खेप गोदामात अडवून, नमुना बाहेरच्या प्रयोगशाळेत तपासून, मगच रुग्णालयाकडे सोडते. किंमतही उतरते आणि दर्जाही राहतो, हे त्यांनी दाखविले. मात्र ही चाळणी सरकारी खरेदीपुरती. खुल्या बाजारासाठी औषध बनविणारा कारखाना तिच्यातून जात नाही आणि परासियाच्या दुकानात पोचलेली बाटली ही खुल्या बाजाराची होती. आपल्या राज्याने २०२३ मध्ये अशा खरेदीसाठी स्वतंत्र प्राधिकरण कायद्याने स्थापिले आहे. त्याचे स्वागत केले पाहिजे. पण २०२४ मध्ये नागपूरकडे उघडकीस आलेल्या प्रकरणात सरकारी रुग्णालयांना पुरविलेल्या प्रतिजैविकाच्या गोळ्या म्हणजे टाल्कम पावडर आणि पिष्ट यांचे मिश्रण होते असे पोलिसांच्या आरोपपत्रात म्हटले आहे, हेही नजरेआड करता येणार नाही. या गोळ्यांनी कोणी तात्काळ मरत नाही. न्यूमोनियाचा रोगी तशी गोळी खाऊन मेला तर तो न्यूमोनियाने मेला अशीच नोंद होते.

गांबिया आणि उझबेकिस्तान येथील मृत्यूंनंतर आपल्या सरकारने एक पाऊल उचलले. १ जून २०२३ पासून, परदेशी पाठवावयाचे खोकल्याचे पातळ औषध सरकारी किंवा मान्यताप्राप्त प्रयोगशाळेत तपासून प्रमाणपत्र घेतल्यावाचून निर्यात करता येणार नाही, असा आदेश निघाला. योग्यच झाले. परंतु तो आदेश निर्यातीपुरता होता. म्हणजे त्या दिवसापासून एकाच कारखान्यातील दोन पेट्यांपैकी परक्या मुलासाठी निघालेली पेटी तपासली जाणार आणि परासियाच्या खाणकामगाराच्या मुलासाठी निघालेली पेटी कारखानदाराच्या शब्दावर सुटणार! गांबियाच्या मुलाला हे संरक्षण मिळाले याचा मला आनंद आहे. ते आधीच मिळावयास हवे होते. निर्यातीचा बाजार बुडेल ही भीती जे काही महिन्यांत करवून घेते ते स्वतःच्या मुलांची प्रेते पन्नास वर्षांत करवून घेऊ शकत नाहीत, यावर काय बोलावे? सव्वादोन वर्षांनंतर छिंदवाडा घडले आणि ऑक्टोबर २०२५ मध्ये औषध नियंत्रकांनी राज्यांना परिपत्रक धाडले की, कच्चा माल तपासल्यावाचून वापरू देऊ नये. हा नियम होताच.

शिक्षा वाढवा, अशी मागणी अशा प्रसंगी हटकून होते. २००३ मध्ये डॉ. रघुनाथ माशेलकर यांच्या समितीने बनावट औषधाने मृत्यू घडविणाऱ्यास देहदंडापर्यंत शिक्षा सुचविली. २००८ च्या दुरुस्तीने जन्मठेपेपर्यंतची तरतूद झाली. त्याच समितीने निरीक्षकांची संख्या आणि प्रयोगशाळा वाढविण्यावर भर दिला होता, त्याची चर्चा कमी झाली. फाशीला अंदाजपत्रकात तरतूद लागत नाही, रसायनज्ञाच्या पगाराला लागते. आणि गंभीर गुन्ह्यांना जन्मठेप ठेवून २०२३ च्या जनविश्वास कायद्याने प्रमाणित दर्जाहून कमी अशा औषधांच्या गुन्ह्यात दंड भरून तडजोड करण्याची वाट मोकळी केली. सरकारचे म्हणणे, रंग बदलणे, वजन किंचित कमी भरणे असल्या किरकोळ दोषांसाठी उद्योजकाला तुरुंगात का टाकावे? म्हणण्यात थोडे तथ्य आहे. विषारी भेसळ या वर्गात मोडत नाही, हेही मान्य केले पाहिजे. परंतु निम्म्या ताकदीचे क्षयाचे औषध किरकोळ आहे की गंभीर, हे ठरविणार कोण? ज्याच्याकडे तपासावयास माणूसबळ नाही तोच अधिकारी, तडजोडीच्या टेबलापलीकडे बसून.

राहिला आपला बोगस डॉक्टर. तो टिकून आहे, कारण प्राथमिक आरोग्य केंद्रात संध्याकाळी सात वाजता कोणी नसते आणि तो असतो. तो उधारीवर औषध देतो. रोग्याशी त्याच्या बोलीत बोलतो. पश्चिम बंगालमधील बीरभूम जिल्ह्यात अशा अशिक्षित उपचारकांना नऊ महिने प्रशिक्षण देऊन काही अर्थशास्त्रज्ञांनी, त्यांत अभिजित बॅनर्जी होते, त्यांची पारख केली. २०१६ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध झाले. प्रशिक्षणाने त्यांचे उपचार बरेच सुधारले. अनावश्यक प्रतिजैविके देण्याची सवय मात्र सुटली नाही. ती सवय तर आपल्या पदवीधरांनाही सुटलेली नाही! मी बोगस डॉक्टरांची बाजू घेतो आहे असे कोणी समजू नये. पण तो जी बाटली विकतो ती त्याने बनविलेली नसते. ती परवानाधारक कारखान्यातून, परवानाधारक घाऊक व्यापाऱ्यामार्फत आलेली असते. शोधमोहिमेचे पथक त्याच्या टेबलावरील बाटल्यांचा पंचनामा करते, तेव्हा त्यांतील दोन-चार प्रयोगशाळेकडेही पाठवावयास काय हरकत आहे?

आपले कार्यकर्ते तालुक्याच्या रुग्णालयावर मोर्चा नेतात, औषधे नाहीत म्हणून निवेदन देतात. यापुढे निवेदनासोबत माहितीच्या अधिकाराखाली एक अर्जही द्यावा. गेल्या वर्षभरात आलेल्या प्रत्येक पातळ औषधाचा खेप क्रमांक, त्या खेपेच्या तपासणी अहवालाची तारीख आणि ते औषध रुग्णांना वाटण्यास सुरुवात झाली ती तारीख, एवढीच तीन खणांची माहिती मागावी. दुसऱ्या खणातील तारीख तिसऱ्यातील तारखेच्या नंतरची निघाली, किंवा दुसरा खण कोराच आला, तर तो कागद घेऊन आमदाराकडे जावे आणि विधानसभेत वाचून दाखवावयास सांगावे.